रंगभूमीकडून रजतपटाकडे

नाटककार हा शब्दांचा धनी समजला जातो. त्याच्या पात्रांच्या हाती तलवार असो वा नसो, मुखी वाणी असावीच लागते. मराठी माणूस नाटक पाहायला जातो असे म्हणतो खरे. पण परततो तो कानांत संवाद घेऊन. गडकऱ्यांची वाक्येच्या वाक्ये तोंडपाठ म्हणणारी माणसे अजूनही भेटतात. त्या नाटकांतील पडदे कोणत्या रंगाचे होते, हे मात्र कोणी सांगत नाही. शब्दांचा असा उपासक चित्रपटासाठी लिहू लागला, की दोन शंका हटकून ऐकू येतात. एक, तो पैशासाठी गेला. दुसरी, तो गेला तो गेलाच. रंगभूमीला कायमचा अंतरला. पहिल्या शंकेचा निकाल ज्याच्या त्याच्या जमाखर्चावर सोपवावा. दुसरी मात्र विचार करण्याजोगी आहे. नाटककार पटकथेकडे वळतो तेव्हा तो काय मागे ठेवतो, काय बरोबर नेतो आणि त्याला नवे काय गवसते, हा प्रश्न कलेच्या मुळाशी जाणारा आहे. त्याचे उत्तर शोधण्यासाठी विजय तेंडुलकर यांच्या उदाहरणाइतके बोलके उदाहरण मराठीत दुसरे नाही.

या वाटेने जाणारे तेंडुलकर हे काही पहिले मराठी नाटककार नव्हेत. १९३१ साली ‘आलम आरा’ बोलू लागला आणि १९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ या चित्राने मराठी बोलपटाचा आरंभ केला. नाटक मंडळ्यांचे दिवस तेव्हा फिरलेच होते. बोलपटाने त्यांचा प्रेक्षक ओढून नेला, नट ओढून नेले, आणि मग लेखकही नेले. आचार्य अत्रे यांचे ‘साष्टांग नमस्कार’ १९३३ साली रंगभूमीवर आले, ‘लग्नाची बेडी’ १९३६ साली आले, आणि १९३८ साली त्यांच्याच लेखणीतून उतरलेला ‘ब्रह्मचारी’ मास्टर विनायकांच्या दिग्दर्शनाखाली पडद्यावर झळकला. पुढे अत्र्यांनी स्वतः काढलेल्या ‘श्यामची आई’ या चित्रपटाला १९५३ सालच्या सर्वोत्कृष्ट भारतीय चित्रपटाचे राष्ट्रपती सुवर्णपदक मिळाले. या पारितोषिकांचे ते पहिलेच वर्ष होते. विश्राम बेडेकरांनी नाटक आणि चित्रपट या दोन्ही घरी संसार केला. पु. ल. देशपांडे यांनी तर उलटाच प्रवास केला: १९५३ साली ‘गुळाचा गणपती’ हा चित्रपट करून ते त्या व्यवसायातून बाहेर पडले आणि ‘तुझे आहे तुजपाशी’ हे त्यांचे गाजलेले नाटक त्यानंतर, १९५७ साली, रंगभूमीवर आले.

परंतु त्या पिढीच्या बोलपटांत बोलण्याचेच राज्य होते. नाटकातले चुरचुरीत संभाषण अधिक मोठ्या श्रोतृवर्गापुढे नेण्याचे साधन म्हणून लेखक बोलपटाकडे पाहत. कॅमेरा हा जणू सर्वांत चांगल्या खुर्चीवर बसलेला प्रेक्षक. त्यामुळे नाटककाराला पडद्यावर जाताना आपली जात बदलावी लागत नसे. ती बदलावी लागते हे मराठीत स्पष्ट झाले ते १९७० नंतर, आणि ते स्पष्ट करणारे लेखक तेंडुलकर.

येथे नाटकाची संहिता आणि पटकथा यांतील भेद ध्यानात घेणे अवश्य आहे. एक साधे उदाहरण घेऊ. घरातील बाईने अडचणीपायी मंगळसूत्र गहाण टाकले आहे आणि नवऱ्याला ते ठाऊक नाही. ही गोष्ट नाटककाराला कोणाच्या तरी तोंडून वदवावी लागते. शेजारीण येईल, विचारील. बाई पदर सावरील, कोणाला सांगू नका म्हणून विनवील. पंधराव्या रांगेतील प्रेक्षकाला गळ्यातला काळा दोरा दिसत नाही; त्याला शब्दच दिसतात. पटकथाकाराला शेजारीण बोलावण्याचे कारण नाही. बाई चुलीपुढे वाकली, पदर सरकला, काळा दोरा दिसला आणि तिने पदर ओढून घेतला: एवढे चार क्षण पुरेत. पुढे नवरा जेवताना मान वर करतो की नाही, यावर सारा प्रसंग उभा राहतो. रंगमंचावर सर्व पात्रे एकाच वेळी डोळ्यांपुढे असतात आणि कोणाकडे पाहायचे ते प्रेक्षक ठरवतो. पडद्यावर हा अधिकार प्रेक्षकाकडे राहत नाही. काय पाहायचे, किती जवळून पाहायचे आणि किती वेळ पाहायचे, हे दुसऱ्याने ठरवलेले असते. पटकथा म्हणजे या पाहण्याची योजना. ती वाचणारे पहिले वाचक म्हणजे दिग्दर्शक, छायालेखक आणि संकलक. त्यांच्या हातून गेल्यावाचून ती प्रेक्षकापर्यंत पोहोचत नाही.

तेव्हा पटकथेकडे वळणाऱ्या नाटककाराला दोन गोष्टी सोडाव्या लागतात. एक, शब्दावरची भिस्त. आणि दुसरी, आपल्या कृतीवरचे एकछत्री स्वामित्व. यांपैकी पहिला त्याग अधिक कठीण, कारण तो त्याच्या हातच्या सर्वांत धारदार हत्याराचा त्याग असतो.

तेंडुलकरांच्या बाबतीत मात्र एक गोष्ट आरंभापासूनच वेगळी होती. त्यांचे शिक्षण शाळेतच थांबले. पुढचा अभ्यास वृत्तपत्रांच्या कचेऱ्यांत आणि मुंबईच्या चाळींत झाला. पत्रकाराचा कान त्यांना लाभला होता. माणसे सभेत बोलतात तशी घरात बोलत नाहीत. वाक्य अर्धे टाकतात, विषय बदलतात, जे सांगायचे असते त्याच्या भोवती फिरत राहतात. हे सारे त्यांनी टिपले. त्यांच्या संहितेत वाक्यांइतकीच वाक्यांमधली टिंबे बोलतात. पल्लेदार संवादांवर पोसलेल्या रंगभूमीला हे बोलणे प्रथम तुटक वाटले. पण त्या टिंबांतच पुढच्या पटकथाकाराचे बीज होते. ज्याला शब्दांमधली पोकळी ऐकू येते, त्यालाच कधीतरी ती पोकळी दाखवावीशीही वाटते.

१९६७ साली ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ हे त्यांचे नाटक ‘रंगायन’ने रंगमंचावर आणले. दिग्दर्शक अरविंद देशपांडे होते आणि लीला बेणारे या शिक्षिकेची भूमिका सुलभा देशपांडे यांनी केली. नाटकाची घडण सर्वांच्या परिचयाची आहे. एक हौशी नाटकमंडळी खेळासाठी एका गावी येते. वेळ काढण्यासाठी लुटुपुटीचा खटला उभा करते आणि थट्टेथट्टेत मिस बेणारेलाच आरोपी करते. पाहता पाहता थट्टा संपते आणि तिचे खासगी आयुष्य उघड्यावर मांडले जाते. दालनाचे दार बाहेरून बंद झालेले असते. या नाटकाचे सामर्थ्य त्या बंद दारात आहे. प्रेक्षकालाही दुसरीकडे पाहण्याची सोय उरत नाही.

या खटल्याच्या अखेरीस आरोपीला स्वतःच्या बचावासाठी दहा सेकंद दिले जातात. तेवढ्यात भोवतालची सारी पात्रे जागच्या जागी थिजतात आणि बेणारे बोलू लागते. मराठी रंगभूमीवरील गाजलेल्या स्वगतांत या स्वगताची गणना होते. ते संपते, पात्रे पुन्हा हलतात, आणि कळते की त्या न्यायालयाने काहीच ऐकलेले नाही. त्याच्या लेखी ती दहाही सेकंद गप्प होती. तिचे बोलणे ऐकले ते केवळ प्रेक्षकांनी. स्वगत हा रंगभूमीचा जुना संकेत. ‘मनातल्या मनात’ अशी रंगसूचना देऊन मोठ्याने बोलण्याची मुभा नाटकाला कधीपासूनची आहे. तेंडुलकरांनी त्या संकेताला असा पीळ दिला, की एका स्त्रीचे मौन आणि तिचा आक्रोश ही दोन्ही एकाच वेळी उभी राहिली. रंगभूमीने मौनाला शब्द मिळवून दिले.

१९७१ साली या नाटकाचा चित्रपट झाला. पटकथा तेंडुलकरांचीच होती. दिग्दर्शक होते सत्यदेव दुबे आणि छायाचित्रण गोविंद निहलानी यांचे होते. ही दोन नावे लक्षात ठेवण्याजोगी आहेत, कारण नऊ वर्षांनी ती पुन्हा एकत्र येणार आहेत. दुबे हे मूळचे बिलासपूरचे, हिंदी भाषिक. मुंबईत त्यांनी ‘थिएटर युनिट’च्या द्वारे निरनिराळ्या भारतीय भाषांतील नव्या नाटकांना हिंदी प्रेक्षक मिळवून दिला. मराठी नाटककाराच्या पहिल्या मोठ्या चित्रपटाचे सारथ्य छत्तीसगडच्या एका हिंदी भाषिकाने केले, यात योगायोगापेक्षा अधिक काही आहे.

छत्तीसगड आणि मराठी यांचा संबंध जुना आहे. अठराव्या शतकात नागपूरकर भोसल्यांचा अंमल या प्रदेशावर बसला तो १८५४ पर्यंत राहिला. आणि १९५६ पर्यंत रायपूर-बिलासपूरचा कारभार नागपूर राजधानीतूनच चाले. या प्रदेशातील नाट्यप्रतिभेने मुंबईच्या चित्रपटव्यवसायाशी अनेक प्रकारे नाते जोडले. बिलासपूरचेच नाटककार डॉ. शंकर शेष यांच्या कथेवर १९७७ साली ‘घरौंदा’ हा चित्रपट निघाला. रायपूरला जन्मलेले आणि नागपूरच्या मॉरिस कॉलेजात शिकलेले हबीब तन्वीर यांनी तर पटकथेची वाट जवळजवळ उलटी चालून दाखवली. तरुणपणी ते मुंबईच्या चित्रसृष्टीत होते. तेथून पाऊल मागे घेऊन ते रंगभूमीकडे आणि अखेर छत्तीसगडच्या लोकनटांकडे आले. त्यांच्या ‘चरणदास चोर’वर १९७५ साली श्याम बेनेगल यांनी बालचित्रपट काढला, पण तन्वीर राहिले ते आपल्या नटांपाशी. त्यांच्या नाटकाचा प्राण त्या नटांच्या बोलीत आणि देहात होता. तो प्रत्येक प्रयोगात नव्याने यावा लागे. म्हणजे रंगभूमीकडून पडद्याकडे जाणे ही काही प्रत्येक नाटककाराची नियती नव्हे. ज्याच्या कलेची जी गरज, तिकडे तो जातो.

तेंडुलकरांची गरज कोणती होती? १९७२ साली ‘सखाराम बाइंडर’ आणि ‘घाशीराम कोतवाल’ ही दोन नाटके आली आणि त्यांभोवती मोठी वादळे उठली. पाठोपाठ नेहरू अधिछात्रवृत्ती मिळाली. समाजातील वाढत्या हिंसेचा शोध हा त्यांचा विषय होता आणि त्यासाठी ते देशभर हिंडले. मुंबईतील मध्यमवर्गीय दिवाणखान्यात ज्या हिंसेचे आवाज ते ऐकत आले होते, तीच हिंसा त्यांनी आता जमिनीवर, गावात, तुरुंगात पाहिली. तेथील माणसे बेणारेसारखी बोलणारी नव्हती. ज्यांच्यावर अन्याय होत होता, त्यांच्यापाशी बहुधा शब्दच नव्हते. आणि असले तरी ऐकणारे कोणी नव्हते. दिवाणखाना दाखवायला रंगमंच पुरतो. साखर कारखाना, जमीनदाराचा वाडा, रानातला पाडा दाखवायला आणि तेथील मूक माणसाचा चेहरा जवळून पाहायला दुसरे माध्यम हवे होते.

‘सामना’ हा चित्रपट याच काळातला. त्याचे दिग्दर्शक डॉ. जब्बार पटेल यांनीच रंगमंचावर ‘घाशीराम’ उभे केले होते. निर्माते रामदास फुटाणे होते. हा चित्रपट १९७५ साली बर्लिनच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात स्पर्धेसाठी गेला. साखरपट्ट्यातील सत्ताधीश हिंदुराव धोंडे पाटील आणि दारूत बुडालेला एक जुना स्वातंत्र्यसैनिक मास्तर यांची ही झुंज निळू फुले आणि डॉ. श्रीराम लागू यांनी रंगवली. हे नाटक असते तर त्यात या दोघांची मोठी खडाजंगी झाली असती. चित्रपटात तसे घडत नाही. मारुती कांबळे या नाहीशा झालेल्या माणसाचे नाव घेऊन मास्तर एकच प्रश्न पुनःपुन्हा विचारतो, आणि त्या प्रश्नाने समोरच्याच्या चेहऱ्यावर जे उमटते ते कॅमेरा टिपतो. ज्याच्याविषयी सारे चालले आहे तो माणूस गैरहजर आहे. त्याची गैरहजेरी हेच या पटकथेचे मध्यवर्ती पात्र.

त्यानंतर श्याम बेनेगल यांच्यासाठी तेंडुलकरांनी ‘निशांत’ (१९७५) आणि ‘मंथन’ (१९७६) या हिंदी पटकथा लिहिल्या. ‘निशांत’ची भूमी स्वातंत्र्यपूर्व काळातील सरंजामी खेडे. जमीनदाराचे भाऊ शाळामास्तराची पत्नी उचलून नेतात आणि मास्तर एकेका सरकारी दारावर जाऊन रिकाम्या हाताने परततो. ‘मंथन’ची भूमी गुजरातमधील दूध-सहकाराची. गुजरातच्या पाच लाख दूध-उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये देऊन त्याचा खर्च उचलला होता. या पटकथेने तेंडुलकरांना राष्ट्रीय पुरस्कार मिळवून दिला.

येथे एका गोष्टीकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही. ‘निशांत’चे संवाद सत्यदेव दुबे यांचे आहेत आणि ‘मंथन’चे कैफी आझमी यांचे. ज्याची कीर्ती संवादलेखक म्हणून झाली, त्या नाटककाराने आपल्या पटकथांचे संवाद दुसऱ्यांच्या हाती दिले. भाषा हिंदी होती हे त्याचे उघड कारण. पण त्याचा अर्थ त्याहून खोल आहे. संवाद काढून घेतल्यावर लेखकाचे काय उरते, हे या चित्रपटांत तपासता येते. उरते ती रचना: कोणता प्रसंग आधी यावा, कोणता टाळावा, कोणाला कोणासमोर उभे करावे, कोणाचे बोलणे मध्येच तोडावे. मास्तराची पायपीट एका कचेरीत संपत नाही, ती दुसऱ्या दारापर्यंत आणि तेथून पुढे न्यावी लागते. प्रत्येक दारावर अन्याय पहिल्याहून थोडा अधिक साधा, थोडा अधिक नित्याचा दिसू लागतो. यात एकही टाळीचे वाक्य नाही, तरी हा विचार नाटककाराचा आहे. नाटक म्हणजे संवाद ही समजूत किती वरवरची आहे, हे एका नाटककारानेच संवाद बाजूला ठेवून सिद्ध केले.

दुसऱ्यांच्या साहित्यकृतींवर पटकथा लिहिताना हीच रचनाशक्ती त्यांच्या कामी आली. अरुण साधू यांच्या ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ या दोन कादंबऱ्या एकत्र गुंफून १९७९ साली ‘सिंहासन’ची पटकथा झाली. मंत्रालय, गोदी, वृत्तपत्राची कचेरी अशा कितीतरी ठिकाणी एकाच वेळी चालणारे राजकारण रंगमंचावर मावले नसते. त्यातील पत्रकार दिगू टिपणीस हा शब्दांवर पोट भरणारा माणूस. पण सत्तेचा सारा खेळ पाहून झाल्यावर तो अखेरीस वेड्यासारखा हसत सुटतो. लिहिणाऱ्याचेच शब्द संपतात. शांता निसळ यांच्या ‘बेघर’वरून ‘उंबरठा’ (१९८२) आणि श्री. दा. पानवलकर यांच्या ‘सूर्य’ या कथेवरून ‘अर्धसत्य’ (१९८३) या पटकथा पुढे आल्या.

आता ज्या चित्रपटासाठी ही सारी पूर्वपीठिका मांडली तो ‘आक्रोश’. साल १९८०. कथा आणि पटकथा तेंडुलकरांची, संवाद सत्यदेव दुबे यांचे, आणि दिग्दर्शक गोविंद निहलानी. त्यांचे हे पहिलेच दिग्दर्शन. १९७१ साली ‘शांतता!’च्या चित्रपटासाठी जमलेली तीन माणसे येथे पुन्हा एका न्यायालयात एकत्र आली आहेत. पण हे न्यायालय लुटुपुटीचे नाही. ते सरकारी आहे. आरोपी आहे लहान्या भिकू हा आदिवासी. आरोप आहे बायकोच्या खुनाचा. त्याचा बचाव करण्यासाठी भास्कर कुलकर्णी नावाचा तरुण वकील नेमला गेला आहे. सरकारी वकील दुसाने हे स्वतः आदिवासी समाजातून वर आलेले. वकील आपल्या अशिलाला परोपरीने विचारतो, आणि लहान्या बोलत नाही. तुरुंगात बोलत नाही, न्यायालयात बोलत नाही. खरे गुन्हेगार कोण हे त्याला ठाऊक आहे; आणि बोलून काही उपयोग नाही, हेही ठाऊक आहे.

बेणारेच्या न्यायालयाशी या न्यायालयाची तुलना केली म्हणजे एका लेखकाचा तेरा वर्षांचा प्रवास डोळ्यांपुढे येतो. दोन्हीकडे खटला आहे, दोन्हीकडे आरोपी खरा अपराधी नाही, आणि दोन्हीकडे आरोपी न्यायासनापुढे मूक आहे. परंतु रंगमंचावर तेंडुलकरांनी त्या मौनाला स्वगत दिले. पडद्यावर त्यांनी ते दिले नाही. देता आले असते. पार्श्वभूमीवर आवाज ऐकवण्याची सोय चित्रपटात केव्हापासूनची आहे. त्यांनी लहान्याच्या मौनाला हात लावला नाही. त्याऐवजी ओम पुरी यांचा चेहरा आहे. कॅमेरा त्याच्याजवळ जातो आणि थांबतो. बेणारे सुशिक्षित होती. तिच्या मनात वाक्ये होती आणि रंगभूमीने ती बाहेर आणली. लहान्याच्या मनात काय आहे ते सभ्य मराठीत किंवा सभ्य हिंदीत मांडणे हा त्याच्यावर आणखी एक अन्याय झाला असता. चित्रपटाच्या शेवटी, वडिलांच्या अंत्यसंस्काराच्या वेळी, त्याच्या बहिणीवर वाईट नजरा खिळतात. बायकोच्या वाट्याला जे आले ते बहिणीच्या वाट्याला येऊ नये म्हणून तो कुऱ्हाड उचलून तिलाच मारतो आणि मग आकाशाकडे तोंड करून ओरडतो. त्या ओरडण्यात शब्द नाही. चित्रपटाचे नाव सार्थ होते ते त्या क्षणी.

‘आक्रोश’ला १९८१ साली भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात सुवर्णमयूर विभागून मिळाला. पण मोठी गोष्ट ही, की शब्दप्रभू म्हणून ख्याती पावलेल्या लेखकाने आपल्या सर्वांत प्रभावी पटकथेचा नायक मुका ठेवला. रंगभूमीवर वीस वर्षे शब्दांची नस शोधत राहिल्यावर शब्द कोठे संपतात हे त्याला कळले होते.

या प्रवासात हानी काहीच झाली नाही असे मात्र म्हणता येणार नाही. नाटकाची संहिता प्रत्येक पिढीला नव्याने करून पाहता येते. ‘शांतता!’ची बेणारे कितीतरी भाषांत, कितीतरी अभिनेत्रींनी उभी केली आहे आणि पुढेही करतील. पटकथा एकदाच उभी राहते. तिचा लहान्या एकच. ‘घाशीराम’मध्ये रंगमंचावर माणसांची रांग होते आणि तीच भिंत होते. प्रेक्षकाने माणूस आणि भिंत ही दोन्ही एकदम पाहावीत अशी ती योजना. १९७६ साली या नाटकाचा चित्रपट निघाला, त्याचीही पटकथा तेंडुलकरांची होती. परंतु ‘घाशीराम’ म्हटले की आजही आठवते ती रंगमंचावरची भिंत. काही कल्पना मुळातच रंगभूमीच्या असतात. त्यांना तेथून हलवले की त्यांचा श्वास कोंडतो. शिवाय चित्रपटात लेखक अनेकांपैकी एक होतो. यश आले तर ते दिग्दर्शकाचे आणि नटांचे, आणि पटकथाकाराचे नाव प्रेक्षक घरी पोहोचेपर्यंत विसरतो.

तरीही रंगभूमीला ते मुकले, ही शंका खरी ठरत नाही. चित्रपटलेखनाच्या ऐन भरात, १९८१ साली ‘कमला’ आणि १९८३ साली ‘कन्यादान’ ही नाटके त्यांनी दिली. १९ मे २००८ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले तेव्हा महाराष्ट्राने शोक केला तो प्रथम नाटककाराचा. दोन्ही माध्यमांत त्यांनी आपली कामे निरनिराळी ठेवली. ज्यांना बोलता येते पण बोलू दिले जात नाही त्यांच्यासाठी रंगमंच, आणि ज्यांच्यापर्यंत शब्दच पोहोचलेला नाही त्यांच्यासाठी पडदा, अशी ही विभागणी ढोबळमानाने सांगता येईल.

महाराष्ट्राबाहेरच्या मराठी माणसाच्या दृष्टीने या विषयाला आणखी एक बाजू आहे. रायपूरच्या समता कॉलनीत, इंदुरात किंवा बडोद्यात नांदणाऱ्या मराठी कुटुंबाला पुण्यामुंबईची नवी नाटके त्यांच्या ऐन बहरात पाहण्याचा योग दुर्मिळ. नाटक येथे येते ते छापील पुस्तकातून, नाहीतर महाराष्ट्र मंडळाच्या हौशी प्रयोगातून. आणि घरातील मुले मराठी समजतात, पण सराईतपणे वाचत नाहीत, अशी घरे पुष्कळ आहेत. त्या मुलांना तेंडुलकर भेटतात ते ‘निशांत’, ‘आक्रोश’, ‘अर्धसत्य’ यांतून, हिंदीत. त्यांतील ‘निशांत’ आणि ‘आक्रोश’ यांचे संवाद तर त्यांच्याच मुलखातल्या, बिलासपूरच्या माणसाने लिहिलेले. मराठी नाटककाराची दृष्टी आणि छत्तीसगडी माणसाची हिंदी वाणी अशी ही गाठ पडली आहे. अशा घरात वडीलधाऱ्यांनी मुलांना ‘आक्रोश’ दाखवावा, आणि नंतर ‘शांतता! कोर्ट चालू आहे’चे पुस्तक हाती घेऊन शेवटचा प्रवेश मोठ्याने वाचून दाखवावा. दोन न्यायालये शेजारी शेजारी ठेवली, की एकीतला शब्द आणि दुसरीतले मौन परस्परांचा अर्थ सांगू लागतात. आणि मराठीपासून दुरावू पाहणारे मूल त्या मौनाचे बोट धरून शब्दापर्यंत परत येण्याचा संभव असतो.